आप्तवहीतलं चौथं वर्ष

"आठ लाख म्हणजे काही कमी नाहीत," चंद्रमौळी म्हणाले, आणि कृष्णवेणीनं हातातला कालथा ओट्यावर ठेवला. आपटला नाही, ठेवला. या घरात भांडं आपटलं की लोक भांड्याबद्दल बोलायला लागतात आणि मूळ मुद्दा राहतो बाजूला, एवढं ती लग्नाच्या सोळा वर्षांत शिकली होती.

रविवारचे अकरा वाजत आले होते. चेन्नईच्या पेरुंगुडीतल्या त्या सातव्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये सकाळपासून दोनदा कॉफी झाली होती, एकदा पाण्याच्या टँकरवरून शेजारच्यांशी वाजलं होतं, आणि निर्णय मात्र होता तिथेच होता. उद्या साडेदहाला कोर्ट. शेषाद्री वकिलांनी काल फोनवर स्वच्छ सांगितलं होतं, एक तर विमा कंपनीच्या तडजोडीच्या कागदावर सही करा आणि आठ लाख घ्या, नाही तर ज्यानं ते आप्तवहीचं पुस्तक लिहिलं त्याला साक्षीला उभं करा. काय ते आज संध्याकाळपर्यंत कळवा.

आणि ज्यानं पुस्तक लिहिलं तो माणूस, म्हणजे तिचे थोरले दीर, तिच्याच घरात बसून तिनंच घातलेला डोसा खात आठ लाखांची थोरवी गात होते.

"भावजी, आपण बत्तीस मागितलेत," ती म्हणाली.

"मागायला काय जातं. कोर्टात मागितलेलं सगळं मिळतं का कोणास? हे पैसे लगेच तुमच्या श्रीलक्ष्मीच्या नावे बँकेत पडतील. अठरा वर्षांची होईतो व्याज वाढेल. मी बँकेत छत्तीस वर्षं काढली, मजला व्याज शिकवू नकोस."

"व्याज नाही शिकवत. पाय शिकवते. डॉक्टरांनी काय सांगितलंय? वाढ पुरी झाली की खुब्याचं एक ऑपरेशन. तो खुबा पंधरा-वीस वर्षं टिकणार, मग दुसरं. तोवर दर सात-आठ महिन्यांनी जाड तळव्याचा नवा बूट, कारण मुलगी वाढतेय. व्यायामाच्या बाई आठवड्यातून दोनदा. यातलं तुमच्या आठ लाखांत काय काय बसतं तेवढं सांगा."

चंद्रमौळींनी चटणीत बोट फिरवलं. मग त्यांनी धाकट्या भावाकडे पाहिलं. श्रीहरी सोफ्याच्या टोकाला मोबाइल उलटसुलट करत बसला होता. सिरुसेरीच्या ऑफिसात चाळीस माणसांना कामं वाटून देणारा हा माणूस थोरल्या भावासमोर बसला की आठवीतला पोर होतो, हे कृष्णवेणीला लग्न झाल्यापासून ठाऊक होतं. ठाऊक असून राग येतोच.

आता ही आप्तवही काय भानगड आहे ते सांगून टाकलं पाहिजे, कारण बाहेरच्या माणसाला ते खरंच वाटत नाही. न्यायाधीशांनाही वाटलं नव्हतं.

तंजावराकडून येऊन चेन्नईत स्थिरावलेल्या मराठी घरांचं एक मंडळ आहे. मंडळाच्या यादीत चारशे बारा घरं. पोरांची लग्नं जुळवायची तर याच चारशे घरांत, म्हणून बालाजीरावांनी, म्हणजे या दोघा भावांच्या अप्पांनी, वडिलांनी, फार पूर्वी आप्तवही काढली. दर दोन वर्षांनी नवी आवृत्ती. प्रत्येक घरातल्या प्रत्येकाचं नाव, वय, शिक्षण, नोकरी, आवड, आणि शेवटचा रकाना प्रकृतीचा. त्या रकान्यात आजतागायत 'उत्तम' याखेरीज दुसरा शब्द छापलेला नाही. दत्ताजीमामा अर्धांगानं तीन वर्षं अंथरुणाला खिळून होते, तेव्हाही त्यांच्या नावापुढे 'प्रकृती उत्तम, बागकामाची आवड' असं होतं. आप्तवहीत कोणी आजारी नसतं, हा बालाजीरावांचा नियम. झाकली मूठ सव्वा लाखाची. त्यांच्यामागे वही चंद्रमौळींकडे आली आणि नियमही आला.

श्रीलक्ष्मी नऊ वर्षांची असताना नाचाच्या क्लासबाहेर उभी होती. कामगारांना नेणारी कुठल्याशा कंपनीची बस ड्रायव्हरनं न बघता मागे घेतली. पोर वाचली. डावा खुबा मोडून वाकडा जुळला, डावा पाय उजव्यापेक्षा चार सेंटीमीटर आखूड राहिला. मांडी घालून बसता येत नाही, उकिडवं बसता येत नाही, जिना उतरताना कठडा लागतो. सरकारी डॉक्टरांच्या मंडळानं कायमच्या अपंगत्वाचा दाखला दिला. दावा लागला. सगळं नीट चाललं होतं.

मग विमा कंपनीच्या वकिलानं श्रीहरीला पिंजऱ्यात विचारलं, "तुमची मुलगी आता नाचू शकत नाही, असं तुम्ही शपथेवर म्हणता?" श्रीहरी हो म्हणाला. "मग हे वाचा." मंडळानं आप्तवही गेल्या वर्षी इंटरनेटवर चढवली होती. पान एकशे चाळीस. कुमारी श्रीलक्ष्मी, वय अकरा. आवड: भरतनाट्यम, चौथे वर्ष. प्रकृती: उत्तम.

अपघाताआधीच्या आवृत्तीत 'दुसरे वर्ष' होतं. चंद्रमौळींची रीत अशी, की नवी आवृत्ती काढताना जुनी समोर ठेवायची आणि सगळ्यांचे आकडे दोन-दोननं पुढे सरकवायचे. वय दोननं पुढे, इयत्ता दोननं पुढे, नाच दोननं पुढे. सरकारी डॉक्टर म्हणतात अपंग, आणि सख्खा मोठा काका, मंडळाचा चिटणीस, लिहितो की पोर चार वर्षं नाचते आहे. कोर्टानं कोणाचं ऐकायचं? विमा कंपनीनं लगेच सुरुवात केली की दुखणं बरं झालं असणार, बाप पैशासाठी खोटं बोलतो. वर दयाळूपणा दाखवून आठ लाख.

"अण्णा," श्रीहरी शेवटी बोलला, "छापखान्याची चूक झाली असं सांगता येईल ना? आकडे आपोआप पुढे गेले. कॉम्प्युटरनं केलं."

"हे बरं आहे," चंद्रमौळींचा चेहरा उजळला. "ते सांगता येईल."

"पुन्हा खोटं," कृष्णवेणी म्हणाली. "एक खोटं निस्तरायला दुसरं. आणि छापखान्यातून हातानं लिहिलेला कच्चा मजकूर मागवला तर? सगळं भावजींच्या वळणदार अक्षरात आहे. इतकं सुंदर अक्षर, की आंधळ्यालाही ओळखू येईल."

"वेणी, जरा हळू. ती आत आहे."

"ती बारा वर्षांची आहे. भिंतीला कान असतात, तिला तर दोन आहेत."

श्रीहरी उठून बाल्कनीत गेला. सातव्या मजल्यावरून कचरा पेटवल्याचा धूर दिसत होता आणि त्याच्याही पलीकडे ऑफिसांच्या काचा. त्याला बायकोचं म्हणणं शब्दन् शब्द पटत होतं. पण आईवडील गेल्यावर या भावानं त्याला शिकवलं होतं, फी भरली होती, पहिल्या मुलाखतीला स्वतःचा शर्ट इस्त्री करून दिला होता. अशा माणसाला पिंजऱ्यात उभं करून 'मी खोटं लिहिलं' असं वदवायचं? आणि नाही वदवायचं, तर मुलीला विसाव्या वर्षी काय सांगायचं, तुझा खुबा मी भिडेपोटी विकला? त्याला दोघांचाही राग येत होता आणि सगळ्यांत जास्त स्वतःचा. खाली टँकरवाला पुन्हा हॉर्न वाजवत होता.

आत विद्यालक्ष्मी, चंद्रमौळींची बायको, सकाळपासून एक शब्द न बोलता शेंगा सोलत होती. कृष्णवेणी तिच्याशेजारी जाऊन बसली. दोघी जावा. सोळा वर्षांत त्यांचं कधी फारसं सूत जमलं नव्हतं, भांडणही झालं नव्हतं.

"अक्का, तुम्ही तरी सांगा त्यांना."

"मी काय सांगायचं. माझं कधी ऐकलंय ह्यांनी?"

"तसं नव्हे, विद्या," चंद्रमौळी म्हणाले, आणि आता त्यांचा आवाज वेगळाच लागला. "सगळे समजतात मी अब्रूला भितो. मी साक्ष दिली की तो वकील काय विचारेल? हे खोटं, तर आणखी काय काय खोटं आहे ह्यात? त्या वहीवर किती लग्नं झालीत ठाऊक आहे तुम्हांस? चारशे घरं माझ्या दारात येतील. अप्पांनी उभं केलेलं सगळं एका सकाळी मातीत जाईल. त्यापेक्षा मी माझ्या पेन्शनीतून दर महिन्याला श्रीलक्ष्मीच्या खात्यात घालतो. मरेतो घालतो. लिहून देतो हवं तर."

"तुम्ही गेल्यावर?" कृष्णवेणी म्हणाली. "दुसरं ऑपरेशन ती चाळिशीची असताना आहे, भावजी. तेव्हा तुम्ही नव्वदी ओलांडलेली असेल."

"तोवर लग्न झालेलं असेल तिचं. नवरा बघेल."

"अच्छा. म्हणजे नवऱ्याला वही वाचूनच कळणार ना, की प्रकृती उत्तम?"

चंद्रमौळींनी ताट बाजूला सारलं. "मी तिच्याच भल्यासाठी लिहिलं. उद्या कोणी तिला लंगडी म्हणून—"

"पोदुम," विद्यालक्ष्मी म्हणाली. पुरे झालं. तिनं तमिळमध्ये म्हटलं, कारण नवऱ्याशी भांडायचं तर तिला तमिळच लागे. मग मात्र ती मराठीत बोलली, सावकाश, शेंगा सोलता सोलताच. "तुमच्या नावापुढेही 'उत्तम' होतं. माझ्या वडिलांनी दोनदा वाचून घेतलं होतं. लग्नानंतर अकराव्या दिवशी एग्मोर स्टेशनात, फलाटावर, तुम्हांला फेफरं आलं. लोक चावी हातात द्या म्हणत होते, कांदा हुंगवा म्हणत होते. मी बावीस वर्षांची. मला कोणी सांगितलंसुद्धा नव्हतं."

बाल्कनीच्या दारात श्रीहरी थबकला. हे त्याला माहीत नव्हतं. सोळा वर्षांनी मोठा भाऊ कधीमधी खोलीचं दार लावून पडून राहायचा, आणि घरातले 'पित्त झालंय' म्हणायचे, एवढंच त्याला ठाऊक होतं.

"विद्या, आता तो विषय कशाला? वीस वर्षं झाली, गोळ्यांनी सगळं थांबलं आहे."

"थांबलं. पण त्याआधीची सतरा वर्षं मी जागी झोपले. माहेरी सांगितलं नाही, की वडिलांना वाटेल आपण फसलो. तुम्ही वाईट नवरा नव्हता, तसं मी म्हणत नाही. पण आधी सांगितलं असतं तर मी कदाचित तरीही हो म्हटलं असतं. ते मला विचारलंच नाही कोणी. सासऱ्यांनी एक शब्द छापला आणि माझ्या वतीनं ठरवून टाकलं. आता तुम्ही त्या पोरीच्या वतीनं ठरवताय."

सोळा वर्षं जिला कृष्णवेणी अबोल, जरा शिष्ट समजत आली होती, ती बाई हे पोटात घालून बसली होती. कृष्णवेणीनं शेंगांची परात आपल्याकडे ओढली आणि सोलायला लागली.

चंद्रमौळींना राग आला नव्हता, हेच त्यांना नवल वाटत होतं. त्यांच्या डोळ्यांपुढे दीड वर्षांपूर्वीची दुपार होती. पान एकशे चाळीस. आकडे आपोआप पुढे गेले नव्हते. सगळ्यांचे गेले होते, हिचे नाही. हिच्या नावापाशी ते थांबले होते. पेन टेकवून बसले होते, चहा गार झाला होता. त्या एका 'उत्तम'वर आपली नोकरी टिकली, बायको मिळाली, संसार झाला. मग हिला का नको? असा विचार करून, अगदी जाणूनबुजून, त्यांनी 'दुसरे' खोडून 'चौथे' लिहिलं होतं. आणि वर समाधान वाटलं होतं, काही दान केल्यासारखं.

"श्रीहरी," ते म्हणाले, "छापखान्याचं सांगू नये. ते चुकून झालेलं नाही. मी विचार करून लिहिलं."

"अण्णा, तुम्ही—"

"मला बोलू दे. मला वाटलं, छापलं की थोडं तरी खरं होतं. माझं झालं होतं."

"तुमचं माझ्या जिवावर झालं," विद्यालक्ष्मी म्हणाली. तिनं ते रागानंही म्हटलं नाही, आणि त्यामुळे ते जास्तच लागलं.

तेवढ्यात आतलं दार उघडलं. श्रीलक्ष्मी बाहेर आली. डाव्या बुटाचा जाड तळवा फरशीवर ठक ठक वाजायचा, म्हणून ती घरात तरी अनवाणी चाले आणि अंग एका बाजूला झुकायचं. आज तिनं दोन्ही बूट घातले होते. बहुधा ऐकू जावं म्हणूनच. बारा वर्षांची पोर, पण वैतागली की अगदी आईसारखी नाकपुड्या फुगवायची.

"तुम्ही सगळे दोन तास माझ्या पायाबद्दल बोलताय," ती म्हणाली. मराठी तिला बेताचीच येई, अडलं की तमिळ. "मला कोणी विचारणार आहे का?"

"कण्णा, बाळ, मोठ्यांचं चाललंय," चंद्रमौळी म्हणाले.

"पेरियप्पा," ती म्हणाली; थोरल्या काकांना ती तमिळमध्येच हाक मारी. "ते पुस्तक मी वाचलंय. मागच्या पोंगलला तुमच्या घरी. पान एकशे चाळीस."

कृष्णवेणीच्या हातातली शेंग तशीच राहिली. "तू आम्हांला सांगितलं नाहीस?"

"काय सांगणार? मला आवडलं होतं." ती सोफ्याच्या हातावर टेकली, डावा पाय सरळ पुढे ठेवून, जसा तो ठेवावाच लागतो. "पहिल्यांदा आवडलं. वाटलं, एका ठिकाणी तरी मी अजून क्लासला जाते. चौथ्या वर्षात काय शिकवतात तेही मी शोधून बघितलं. मग शाळेत कौशिक म्हणाला, त्याच्या आजीनं वाचलंय, माझा पाय बरा झाला ना, मग मी लंगडायचं नाटक का करते. त्या दिवसापासून नाही आवडत."

चंद्रमौळींनी चष्मा काढून धोतराच्या सोग्यानं पुसला. चष्मा स्वच्छच होता. अब्रू, चारशे घरं, अप्पांचा नियम, सगळं त्यांच्याकडे तयार होतं, पण यातलं काहीही या पोरीच्या तोंडावर म्हणता येण्याजोगं नव्हतं.

"मी लिहिलं ते," ते म्हणाले. "चुकलं माझं. मुद्दाम लिहिलं आणि चुकलं."

"मग उद्या कोर्टात तसं सांगा ना."

"लोक हसतील मजला."

"मला हसतात ते," ती म्हणाली. "एवढं काही नसतं. सवय होते."

यावर विद्यालक्ष्मीनं पदर तोंडाला लावला. श्रीहरीनं भावाकडे बघितलं, आणि पहिल्यांदाच त्याच्याकडून इशाऱ्याची वाट पाहिली नाही. त्यानं सरळ शेषाद्री वकिलांना फोन लावला आणि स्पीकरवर टाकला.

"सर, तडजोड नको. माझे भाऊ साक्षीला येतील."

वकिलांनी पलीकडून विचारलं, "तयार आहेत ते? उलटतपासणीत सोलून काढतील बरं का. आणखी काय खोटं आहे, हे विचारतीलच."

चंद्रमौळी फोनजवळ वाकले. "विचारू दे. माझ्या स्वतःच्या नावापुढचंही खोटं आहे, तेही सांगेन."

"सर, तेवढं सांगायची गरज नाही."

"तुम्हांस नाही," चंद्रमौळी म्हणाले. "घरात आहे."

वकिलांनी सांगितलं, जबानीचा मसुदा आजच पाठवा, तुमच्याच शब्दांत, मी टाइप करून घेतो. फोन बंद झाला. कृष्णवेणीनं टेबल पुसलं आणि कागद-पेन आणून दिराच्या पुढ्यात ठेवलं. तिचा राग गेला नव्हता, एका दिवसात जाणारही नव्हता, पण तिनं गार झालेला डोसा उचलून नेला आणि गरम आणून ठेवला.

चंद्रमौळींनी तारीख घातली. मी चंद्रमौळी, बालाजीरावांचा थोरला मुलगा, सत्य प्रतिज्ञेवर लिहून देतो की. इतकं लिहून झाल्यावर ते अडले. छत्तीस वर्षं बँकेत अर्ज लिहिलेला माणूस, आणि शब्द सुचेनात.

"सांग बाई," ते पुतणीला म्हणाले. "तूच सांग. काय लिहू?"

श्रीलक्ष्मी उठून त्यांच्या खुर्चीमागे येऊन उभी राहिली. बूट दोनदा वाजला. "लिहा. डावा पाय चार सेंटीमीटर आखूड. खुबा वळत नाही. खाली बसता येत नाही. थंडीत आणि पावसात दुखतो. प्रार्थनेला सगळे खाली बसतात, मी खुर्चीत बसते. दप्तर दुसरं कोणी तरी उचलतं."

पेन सरसर चाललं. आईला हे सगळं माहीत होतं, दप्तराचं सोडून. तिनं स्वयंपाकघराच्या दाराला पाठ टेकवली.

"पुढे?" चंद्रमौळींनी विचारलं. "नाचाचं मी लिहितो. भरतनाट्यम हे सर्वस्वी खोटं असून—"

"नाही, थांबा." तिनं त्यांच्या मनगटावर हात ठेवला. "सगळं खोटं नाहीये. चौथं वर्ष खोटं आहे. तिसरं खोटं आहे. पहिली दोन मी नाचलेय, पेरियप्पा. टीचरनी मला पुढच्या ओळीत उभं केलं होतं. ती दोन खोडू नका."